डोळ्यावरची पापणी

ज्याने डोळा दिला आणि डोळ्यावर पापणीही दिली, ज्याने पाहण्याचे बळ दिले आणि नजर खाली वळवण्याची लाजही दिली, त्या परमदयाळू अल्लाहचे स्मरण करून आमच्या तैज शहरातल्या घमदानविषयी सांगतो.

घमदान लग्नाचे फोटो काढी. युद्ध आले, लग्ने आटली आणि तो एका परदेशी वृत्तसंस्थेसाठी युद्धाचे फोटो काढू लागला. एका दुपारी आमच्या गल्लीत तोफगोळा पडला. शेजारची उम्म अरवा, म्हणजे अरवाची आई, रक्ताने माखलेल्या लेकीला उराशी धरून बाहेर धावली. तोंडावर नकाब नाही, डोक्यावर पदर नाही. घमदानने एकदाच बटण दाबले, कॅमेरा पाठीवर टाकला आणि मायलेकींना मोटारसायकलवरून इस्पितळात नेले. अरवा वाचली. डावा पाय गेला.

फोटोविषयी ऐकून संपादक फोनवर म्हणाला, "सारं जग बघेल. लगेच पाठव."

"आधी तिला विचारतो."

दुसऱ्या सकाळी त्याने खाटेपाशी बसलेल्या उम्म अरवाला विचारले.

"अरवाचा पाय दिसतो?"

"दिसतो. पण तुमचं डोकं उघडं आहे."

"मग त्यावर काळा रंग फास आणि पाठव. माझ्या भावाच्या लग्नात त्याच्या नाकावरची पुटकुळी पुसलीस, तेव्हा बरा चालला हात."

"पुटकुळी पुसल्यानं नवरदेव बदलत नाही, उम्म अरवा. इथं मी केसभरही बदललं, तर गोळा टाकणारे म्हणतील, जखमही यानंच रंगवली."

"मला काप. नुसती अरवा ठेव."

"तुमचं डोकं तिच्या डोक्याला टेकलंय. तुम्हाला कापलं तर तीही कापली जाते."

तिने लेकीच्या अंगावरची चादर सारखी केली. "तिचा पाय काही परत येत नाही, भाऊ. माझा पडदा तरी राहू दे."

घमदानने तिच्यासमोर तो फोटो पुसला. मग तिने नकाब नीट केला, लेकीचा हात हातात घेतला. "आता काढ."

"हा कालचा म्हणून देता येणार नाही."

"आजचा म्हणून दे. पाय आजही नाहीच."

तो फोटो कुठल्याशा वर्तमानपत्राच्या कोपऱ्यात, बोटभर छापला गेला. संपादकाने पुढे दोन महिने घमदानला काम दिले नाही. जगाने तो पहिला फोटो पाहायला हवा होता, असे गल्लीतले निम्मे लोक आजही म्हणतात. घमदान वाद घालत नाही. कधी कधी त्यालाही तसेच वाटते.

हे दयाळा, त्याच्या डोळ्यांचे तेज राख, पापणीची लाज राख. त्याच्या चुलीवर भाकरी असू दे, लेकरांच्या झोपेत शांतता असू दे, आणि त्याच्या कॅमेऱ्यासमोर पुन्हा नवरदेव उभे राहू देत. आमीन.