सदाच्या नावाची दवंडी

आगरदांड्याजवळच्या बौद्धवाडीत पुढचं दार कुणी ठोठावत नाही. मागच्या पडवीतून हाक मारत माणूस थेट चुलीपर्यंत येतो. म्हणून त्या सकाळी तुळसा भाकरी थापत असताना पुढच्या दारावर टकटक झाली, तेव्हाच तिच्या मनात पाल चुकचुकली.

दारात अल्पेश. गावातलाच, जमिनीच्या व्यवहारांत मध्यस्थी करणारा. हातात पेढ्यांचा पुडा, काखेत फाईल. तुळसानं पुडा घेतला नाही. ती फाईलकडे बघत राहिली. तीस वर्षं अंगणवाडी चालवलेली बाई ती. कोण काय लपवतंय हे तिला तोंडाआधी हातांवरून कळायचं.

नवरा गेला, मग मणक्याचं ऑपरेशन, त्यात अडीच वर्षं ती पनवेलला लेकीकडे राहिली. घरपट्टी थकली होती, हे ती कधीच नाकारत नव्हती. पण परतली तर ग्रामपंचायतीनं घराचा लिलाव करून टाकलेला. घेणाऱ्या शेठला खाडीकाठी होमस्टे काढायचा होता. ना नोटीस, ना निरोप. लिलाव रद्द करा म्हणून तिनं मुरुडच्या कोर्टात दावा लावला. निकालापर्यंत घर सोडावं लागणार नव्हतं, एवढाच काय तो आधार.

अल्पेशचं बोलणं गुळात घोळलेलं. काकींनी वर्षभर खुशाल राहावं, शेठ वर काहीतरी देतीलच. फक्त नोटीस मिळाली होती असं लिहून सही करावी.

"मिळाली होती, तर आता माझी सही कशाला हवी?"

तो हसला. मग जरा टोचूनच म्हणाला, "दवंडीपण झालेली, काकी. तुमच्या सदाकाकांनीच ढोल वाजवला. पंचनाम्यात नाव हाय त्यांचं."

तो गेला तेव्हा तव्यावरची भाकरी करपून काळी झाली होती.

सदा म्हणजे तिचा धाकटा दीर, दोन घरं सोडून राहणारा. गेल्या पावसाळ्याआधी त्यानं छपरावर नवे निळे पत्रे चढवले होते. तेव्हा तिला कौतुक वाटलं होतं. आता ते पत्रे डोळ्यांत खुपायला लागले. चार दिवस तिनं त्याच्या घरी कोण येतं, कोण जातं, ते खिडकीतून पाहिलं. त्यानं पाठवलेलं कोळंबीचं कालवण तसंच झाकून ठेवलं. पाचव्या दिवशी वकील मनालीताईंकडून पंचनाम्याची नक्कल आणली. त्यात सदाचं नाव होतं, पण सही नव्हती, अंगठाही नव्हता.

नक्कल घेऊन ती सदाकडे गेली. त्यानं दोनदा वाचली. आधी पत्र्यांबद्दल तिनंच विचारलं. ते जावयानं घालून दिले होते. मग त्यानं नक्कल घडी घालून तिच्या हातात परत दिली.

"वहिनी, वडलांनी बौद्ध धम्माची दीक्षा घेतली त्याच दिवशी दवंडीचा ढोल चावडीवर नेऊन टाकला. आमच्या घरात मग ढोल आला न्हाय. मला ताल येत असता तर बँजो पार्टीत नसतो गेलो?"

हसू आलं दोघांनाही, पण हसताना त्याचे डोळे भरले होते. लिहिणारा गावात फिरकलाच नव्हता, हे तुळसाच्या लख्ख ध्यानात आलं. खुर्चीत बसून कुणीतरी जुन्या कागदाची री ओढली होती: दवंडी म्हणजे बौद्धवाडी, मग टाक तिथलं एक नाव. गावातल्या शेंबड्या पोराकडूनही ही चूक झाली नसती. आणि हे कोर्टापुढे यायच्या आत अल्पेशला तिची सही हवी होती.

तारखेला मनालीताईंनी दोन पानं मुद्दे काढून आणले होते. कोर्टानं तुळसाला काही सांगायचंय का विचारलं. ती कठड्याला धरून उभी राहिली. मागच्या बाकावर अल्पेश होता; तिनं वळून पाहिलं नाही.

"साहेब, घरपट्टी थकली, ती मी भरते. घराचं काय ते तुम्ही ठरवाल. माझं मागणं एवढंच हाय. माझ्या दिराला इथं बोलवा, आणि ढोल वाजवलास का, एवढं त्याला विचारा."