पूर्ण तासांत भरणाऱ्या टाक्या

गणिताच्या बाईंना मुलं पाठीमागे 'पुस्तिकाबाई' म्हणत. बाईंना हे ठाऊक होतं आणि खरं सांगायचं तर ते नाव त्यांना मनातून आवडायचं. लोकांच्या नावामागे पदव्या लागतात, आपल्या पुढे निदान पुस्तिका तरी लागली, असं त्या म्हणायच्या. सरावपुस्तिका त्या स्वतः लिहायच्या, दर इयत्तेची वेगळी. जगात गणिताची भीती जी काही उरली आहे, ती आपल्या पुस्तिका अजून सगळीकडे पोचल्या नाहीत म्हणूनच, असा त्यांचा प्रामाणिक समज होता.

हा फुगा कसा फुटला ते बाई स्वतःच सांगतात, आणि इतकं रंगवून सांगतात की ऐकणाऱ्याला वाटावं, दुसऱ्याच कुणा मूर्ख बाईची गोष्ट चालली आहे.

गणित तयार करायची त्यांची एक रीत होती. आधी उत्तर ठरवायचं आणि मग मागे मागे जात गणित रचायचं. उत्तर बारा हवं ना, मग मजूर इतके, भिंत इतकी लांब, दिवस इतके. त्यामुळे बाईंच्या राज्यात सगळं कसं सुरळीत चालायचं. टाक्या पूर्ण तासांत भरायच्या, मजूर ऐन संध्याकाळी भिंत संपवून हात धुवायचे, आणि संत्री वाटली की टोपलीत एकही उरायचं नाही. अपूर्णांकांना एक स्वतंत्र धडा दिलेला होता; त्याबाहेर पाऊल टाकायची त्यांना परवानगी नव्हती. मुलांचा हुरूप वाढावा म्हणून असं करते, असं बाई मुख्याध्यापिकांना सांगायच्या. खरं कारण एवढंच की सुटसुटीत उत्तर तपासताना पटकन नजरेत भरतं, आणि बाईंना तपासायचा मनस्वी कंटाळा होता.

बाईंची धाकटी बहीण इस्पितळात परिचारिका होती. ती आणि तिची मुलगी बाईंकडेच राहायच्या. पोरगी पेन्सिलींची टोकं कुरतडायची म्हणून घरात तिला 'खार' म्हणत. खारीला विज्ञानाच्या निवासी शाळेत जायचं होतं. हे खूळ तिला कुणी लावलं नव्हतं, तिचं तिनेच लावून घेतलं होतं. त्या शाळेची प्रयोगशाळा तिने एकदा खिडकीला नाक लावून पाहिली होती आणि तेव्हापासून तिला दुसरं काही सुचत नव्हतं. प्रवेशपरीक्षा एकदाच देता यायची. पुढच्या वर्षी तिचं वय उलटून जाणार होतं.

"ताई, होईल ना गं तिचं?" बहीण विचारायची.

"गणिताची काळजी तू करूच नकोस," बाई म्हणायच्या. "गणित माझ्याकडे लागलं."

परीक्षेला महिना राहिला तेव्हा बाईंनी झेरॉक्सवाल्याकडून जुनी प्रश्नपत्रिका आणली आणि रविवारी सकाळी जेवणाच्या टेबलावर खारीला बसवलं. स्वतः समोर घड्याळ घेऊन बसल्या. सुरुवातीला पोरगी भराभर पुढे गेली. बाईंची छाती फुगली. मग कुठेतरी पेन्सिल अडकली आणि खोडरबर सुरू झाला. टेबल हलायला लागलं. खार लिहायची, बघायची, खोडायची, परत तेच लिहायची, परत खोडायची. वेळ संपली तेव्हा कागदाला भोक पडलं होतं आणि पुढची सगळी गणितं कोरी होती.

"काय गं, काय झालं?"

"माझं चुकत होतं," खार रडवेल्या आवाजात म्हणाली. "सारखं तेच चुकत होतं."

गणित नळांचं होतं. एका नळाने टाकी चार तासांत भरते, दुसऱ्याने सात तासांत. दोन्ही सोडले तर किती तासांत भरेल? नळ म्हणजे तर बाईंचा हातखंडा. त्यांनी चष्मा लावला, कागद ओढला आणि ऐटीत गणित सोडवलं. उत्तर आलं दोन पूर्णांक सहा छेद अकरा.

बाईंनी तोंड कडू केलं. काहीतरी चुकलं असणार. त्यांनी परत केलं. परत तेच आलं. तिसऱ्यांदा त्यांनी दार लावून घेऊन केलं, जणू बाहेरच्या आवाजामुळे अकरा येत होते. मग त्यांच्या डोक्यात प्रकाश पडला.

"छापायची चूक आहे!" त्या बाहेर येऊन म्हणाल्या. "सातच्या जागी बारा हवेत. मग बघ, कसे छान तीन तास येतात."

"मीपण शेवटी तीनच लिहिलं," खार डोळे पुसत म्हणाली. "त्यातल्या त्यात तेच बरं दिसत होतं."

"शाब्बास!" बाई म्हणाल्या. हा 'शाब्बास' आठवला की अजूनही स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटते, असं त्या सांगतात.

संध्याकाळी ती प्रश्नपत्रिका नाचवत त्या झेरॉक्सवाल्याच्या दुकानात गेल्या. मुलांच्या आयुष्याशी खेळता का, इथून सुरुवात केली. दुकानात दोन गिऱ्हाइकं उभी होती, त्यामुळे आवाज जरा जास्तच चढला. झेरॉक्सवाला बिचारा पुस्तिकेला स्पायरल लावत होता. पुस्तिका बाईंचीच होती.

"मी जसं आहे तसं काढतो बाई. मागचं उत्तरांचं पान तुम्हीच घेतलं नाहीत. मला काय गरज, म्हणालात."

म्हणाल्या होत्या खऱ्या. त्याने फाईल काढली, मूळ पान शोधलं आणि बाईंच्या पुढे धरलं. नळांच्या गणितापुढे स्वच्छ अक्षरांत छापलं होतं, दोन पूर्णांक सहा छेद अकरा. आणि पानभर तसलीच उत्तरं होती. पूर्णांक कमी आणि छेद जास्त.

"असले कागद टाइप करायला डोकेदुखी बघा," झेरॉक्सवाला आपला सहज बोलला. "तुमची पुस्तिका बरी. तो एक धडा सोडला की आडव्या रेघा म्हणून नाहीत."

तो हे कौतुकानं बोलला होता. बाईंना मात्र दुकानातलं स्टूल ओढून बसावं लागलं. पोरीचं उत्तर पहिल्याच झटक्यात बरोबर आलं होतं. ते खोडायला तिला आपणच शिकवलं. आणि एकट्या तिलाच कशाला, इतक्या वर्षांत वर्गच्या वर्ग आपण खोडरबर देऊन बाहेर पाठवले! बाईंना इतकी लाज वाटली की घरी जायचा रस्ता त्यांनी मुद्दाम लांबचा घेतला.

घरी येऊन त्यांनी खारीला सरळ सांगितलं, "तुझं बरोबर होतं. चूक माझ्या पुस्तिकांची आहे."

खार रागावली, आणि का रागावू नये? "मग सगळी गणितं छान सुटतात असं का दाखवलंस?" तपासायचा कंटाळा, हे उत्तर पोटच्या पोरीसारख्या मुलीला कसं द्यायचं? तरी दिलं. खार तोंडाकडे बघतच राहिली आणि मग तिला हसू आवरेना.

दुसऱ्या दिवसापासून बाई वाकडी गणितं रचायला बसल्या. ते काही जमेना. हात आपोआप उत्तराकडे जायचा आणि मजूर गुपचूप गुण्यागोविंदानं भागले जायचे. शेवटी तह झाला. आकडे खारीने सांगायचे, गोष्ट बाईंनी सांगायची. खार आकडे असे द्यायची की भांड्यात खडे टाकल्यासारखे वाजावेत. मजूर सतरा, दिवस तेरा, टाकीला खालून गळती.

"मावशी, साडेतीन मजूर आले. अर्धा मजूर कसा येईल?"

"मग चार बोलवावे लागतील बाई. चौथा थोडा वेळ नुसता बसेल."

आता उत्तर आधी ठरलेलं नसल्यामुळे बाईंना प्रत्येक गणित स्वतः सोडवून तपासावं लागायचं. चुकायच्याही. खार ते शोधून काढायची आणि लाल पेनने गोल करायची. एवढी हौस तिला कधी कशाची नव्हती. फक्त प्रत्येक वेडंवाकडं उत्तर आलं की ती मान वर करून मावशीकडे बघायची, आणि मावशी मान हलवायची तेव्हाच पुढे जायची. बाईंना कळत होतं की परीक्षेत ही मान समोर नसणार. त्या वर्तमानपत्र तोंडापुढे धरून बसायला लागल्या. खार कडेने डोकावायची.

निकाल पुढे लागला आणि चांगला लागला. खार त्या शाळेत गेलीही. पण बाईंना विचाराल तर त्यांची गोष्ट निकालाशी संपत नाही, परीक्षेच्या दिवशी फाटकाबाहेरच संपते. आत शेवटचा तास चालला होता आणि बहिणीपेक्षा बाईच जास्त येरझाऱ्या घालत होत्या. घंटा झाली. खार बाहेर आली, बाटलीतलं पाणी प्यायली.

"नळाचं आलं होतं?" बाईंनी विचारलं.

"रंगाचं आलं होतं. दोघं रंगारी, एक हॉल. एक एकटा पाच दिवसांत रंगवतो, दुसरा आठ."

"मग?"

"तीन पूर्णांक एक छेद तेरा."

"तेरा?" बाई दचकल्या. महिनाभर त्यांनीच हे शिकवलं होतं, तरी दचकल्या. "नीट पाहिलंस ना? परत करून बघितलंस?"

"एकदा तपासलं आणि पुढे गेले. सगळा पेपर झाला माझा." खारीने बाटली आईच्या पिशवीत टाकली. "मावशी, भूक लागलीय. चला ना."

आणि ती आईचा हात धरून चालायला लागली. मावशीच्या चेहऱ्याकडे तिने पाहिलंच नाही. बाईंना आनंद झाला आणि थोडं वाईटही वाटलं. त्या तिथेच उभं राहून तळहातावर बोटाने मांडामांड करायला लागल्या. पाच आणि आठ, चाळीस छेद तेरा. दोघी कोपऱ्यापर्यंत पोचून त्यांना हाका मारत होत्या. बाईंनी एकदा केलं, मग परत एकदा केलं. पोरीचं उत्तर बरोबर होतं.