करवंदीपलीकडची शिट्टी

कर्वेनगरातून स्कूटर काढली तेव्हा आमच्या गल्लीत दुधाची गाडीही आली नव्हती. मागे माधवी, माझी बायको, मांडीवर पर्स आणि दडप्या पोह्यांचा डबा सांभाळत बसली होती. सिंहगडाच्या पायथ्याच्या दरीत पक्षी बघायला मी वर्षानुवर्षं दर रविवारी एकटाच जातो. ती पहिल्यांदाच येत होती, आणि मला तेच नको होतं.

त्याचं कारण असं. "पाखरं यांच्याकडे आपणहून येतात," असं माधवीने सगळ्या सोसायटीत सांगून ठेवलं आहे. मी कमी बोलणारा, त्यामुळे ते कधी खोडून काढलं नाही. कमी बोलण्याचा एवढा फायदा मी जन्मात दुसरा घेतलेला नाही. पुढच्या रविवारी सोसायटीतल्या मंडळींना मी दरीत न्यायचं, हेही तिने परस्पर ठरवलं होतं. आजची फेरी म्हणजे रंगीत तालीम. पाखरं माझ्याकडे का येतात, हे मात्र मी आणि माझा मोबाइल, दोघांनाच ठाऊक होतं.

राजाराम पूल ओलांडला, सिंहगड रस्ता मोकळा मिळाला. संध्याकाळी कणसं-भज्यांच्या गर्दीत पाय ठेवायला जागा नसते, त्या खडकवासल्याच्या काठावर एक चहावाला आणि एक झोपलेलं कुत्रं, एवढेच होते. पाण्यावर धुकं तरंगत होतं. चहा पिताना माधवीची उजळणी घेतली. डोळ्याभोवती पांढरं कडं, तो चष्मेवाला. डोळ्यावर फिकट भुवई, तो पर्णवटवट्या. आणि पिवळाधमक, काळ्या पंखावर दोन पांढऱ्या पट्ट्या, तो सुभग. "सगळे हिरवे-पिवळे आणि सगळे पानाएवढे," ती म्हणाली. "यापेक्षा माझ्या माहेरची माणसं तुम्हाला लवकर ओळखू यायला हवी होती."

पायथ्याच्या वाडीत मडक्यातलं दही घेतलं. दहीवाल्या मावशी मला ओळखतात, हे मी विसरलोच होतो. माधवीकडे बघून त्या म्हणाल्या, "बरं झालं तुमी आलात. ह्ये दर ऐतवारी झुडपाला फोन लावत्यात."

माधवी खळखळून हसली. तिला वाटलं, ऑफिसचे फोन. मी दही गिळलं.

आता सांगूनच टाकतो. आमच्या छंदात याला 'कॉल लावणं' म्हणतात (मोबाइलवर पक्ष्याचा आवाज वाजवून त्याला बाहेर काढणं). जाणती माणसं ते टाळतात. नराला वाटतं, आपल्या हद्दीत दुसरा घुसला. तो खाणंपिणं टाकून तावातावाने येतो. बघणाऱ्याला वाटतं, गायला आला. तो भांडायला आलेला असतो. हे सगळं मला माहीत होतं, तरी मी ते करत होतो. रिकाम्या हाताने घरी परतायला मला लाज वाटायची.

ओढा कोरडा पडला होता, पळस फुलले होते. करवंदीच्या दाट जाळीपाशी माधवीला उभं केलं, "पलीकडून बघतो," म्हणालो आणि आडोशाला जाऊन मोबाइल दाबला. सुभगाची शिट्टी लांब जाते आणि शेवटी एकदम खाली उतरते. लगेच जाळीच्या पलीकडून तशीच शिट्टी आली. मी पुन्हा वाजवली, पुन्हा उत्तर. आज रंगात आला होता पठ्ठ्या. मागून माधवी दुर्बीण सावरत आली. "अहो, किती जवळ आलाय," ती कुजबुजली.

जाळी हलली आणि वाकून एक गृहस्थ बाहेर आले. पांढरी दाढी, गळ्यात दुर्बीण, हातात मोबाइल. मोबाइल शीळ घालत होता. माझाही घालत होता.

त्यांनी माझ्या हाताकडे पाहिलं, मग स्वतःच्या. "म्हणजे मघापासून मी आपल्याशीच भांडत होतो," ते म्हणाले.

हे शेखसाहेब. खडकीत त्यांचं घड्याळदुरुस्तीचं दुकान आहे. पण ही ओळख नंतर झाली. त्या क्षणी मी फक्त माधवीकडे बघत होतो.

"दर रविवारी?" तिने विचारलं.

"दर रविवारी."

इतकं खरं मी तिच्याशी बऱ्याच वर्षांत बोललो नव्हतो. तिने दोघांचे मोबाइल घेतले, बंद केले, पर्समध्ये टाकून चेन ओढली आणि म्हणाली, "बसा आता. दोघंही."

उंबराखाली बसलो. तिने डबा उघडला. शेखसाहेबांनी थर्मासमधला चहा टोपणात ओतून पहिल्यांदा तिला दिला, बहुधा दंड म्हणून. चष्मेवाल्यांचं टोळकं गेलं, ते तिने माझ्याआधी ओळखलं. मग बराच वेळ काहीच नाही. पोहे संपत आले, उन्हं अंगावर आली, आणि अगदी जवळून शिट्टी झाली. लांब, शेवटी खाली उतरणारी.

मी मान खाली घालून म्हणालो, "शेखसाहेब, आता पुरे."

"मी आपल्यालाच सांगणार होतो," ते म्हणाले.

माधवीने पर्सवर हात ठेवला. चेन बंद होती.

मग आम्ही वर पाहिलं. सुभग डोक्यावरच्या फांदीवर होता. त्याला आमच्याशी काही देणंघेणं नव्हतं. फांदीला उलटा लटकून त्याने पानाखालची अळी ओढली, आपटली, गिळली, चोच पुसली आणि पुढच्या पानाकडे गेला. इतक्या वर्षांत सुभगाला खाताना मी पहिल्यांदाच पाहत होतो. माधवीने माझं मनगट घट्ट धरलं होतं. शेखसाहेबांचा चहा हातात गार झाला होता.

परतताना धायरी फाट्याला नेहमीसारखे अडकलो. उन्हात, धुरात, मागून तिचं गुणगुणणं ऐकू येत होतं. पुढच्या रविवारचं काय, हे विचारायचं मला धाडस झालं नाही. सोसायटीच्या फाटकाशी शेजारच्या बाईंनी हटकलं, "मग, आलं का पाखरू बोलावल्यावर?" माधवी म्हणाली, "आलं. यांनी आज काही केलं नाही, म्हणून आलं."

संध्याकाळी लिफ्टजवळ तिच्या अक्षरात कागद लागला: 'रविवारी पक्षी बघायला नेण्यात येईल. पक्षी येतीलच असे नाही. मोबाइल आणणाऱ्यांनी मोबाइलच बघावा.'

खाली माझी सही तिने माझ्याकडून करून घेतली. मी ती आनंदाने, ठळक केली.