पोत्यात काय होतं

भाचीला नाटक लिहायला वर्षभराची पाठ्यवृत्ती मिळाली, असं ताईने इंग्लंडहून फोनवर सांगितलं तेव्हा मी आधी विचारलं, "देतंय कोण?" अभिनंदन त्यानंतर केलं.

देणारी कंपनी आमच्या हॅम्बर्गची निघाली. कॉफी विकणारी, आमच्या घरीही तिचीच यायची. लंडनच्या एका छोट्या थिएटरमार्फत ती दरवर्षी एका नव्या ब्रिटिश नाटककाराला पैसे द्यायची. अर्धे सुरुवातीला, अर्धे अंतिम संहिता हाती आल्यावर. मधे एकदा हॅम्बर्गला येऊन कंपनीच्या पाहुण्यांसमोर वाचन करायचं.

"तू तिथेच आहेस, जरा बघ," ताई म्हणाली. "पोरीने फार्मसीतली नोकरी सोडलीय. न लिहिलेल्या नाटकाचे पैसे कसे मिळतात, हे तुझ्या भाऊजींना अजून पटत नाही."

मलाही पटत नव्हतं. जर्मनीत सरकार नाटकाला पैसे देतं, ते समजतं. आमच्याच करातून जातात. पण कॉफीवाल्याला इंग्रजी नाटकाचं काय पडलंय? पुण्यात कॉलेजात असताना आमच्या एकांकिकेच्या नेपथ्याचा खर्च एका मसालेवाल्याने केला होता. बदल्यात त्याच्या मसाल्याचा डबा रंगमंचावर हवा होता. नाटक अगदी गंभीर, घरात नुकताच मृत्यू झालेला, आणि मागे फळीवर लालभडक डबा, नाव प्रेक्षकांकडे. प्रत्येक प्रयोगाआधी डबा नीट वळलाय ना हे बघणं माझ्या यादीत होतं. तेव्हापासून प्रायोजक म्हटलं की मी आधी डबा शोधते.

भाची आली त्या दिवशी जेवतानाच मी विषय काढला.

"विषय त्यांनी दिला?"

"नो, मावशी. माझा आहे. बाबांचा."

"आधी वाचायला मागितलं?"

"नाही."

"नाटक जमलं नाही तर पैसे परत?"

"परत नाही मागत. पुढचे देत नाहीत फक्त."

"अगं, तिला भात तरी वाढ," आमचे हे म्हणाले. "व्हिसा वाढवायला जातो त्या आउसलेंडरबेहोर्डेत सुद्धा इतकं विचारत नाहीत."

"तिथे विचारतात, अहो. तुम्हाला घेऊन जायला मी असते म्हणून तुम्हाला कळत नाही."

वाचन बंदराजवळच्या एका जुन्या गोदामात होतं. लंडनहून आलेले नट खुर्च्यांवर बसले, हातात कागद. "पाठ केलं नाही?" मी कुजबुजले. "अशीच पद्धत असते," भाची म्हणाली आणि नखं खात बसली. प्रेक्षकांच्या हातात कंपनीची कॉफी होती. नाटकात कॉफी कधी येते याची मी वाट बघत होते. कुणी एखादा घोट घेऊन वाहवा म्हणेल, टेबलावर पुडा दिसेल. शेवटपर्यंत काहीच आलं नाही. टाळ्या झाल्या, आणि तेव्हा माझ्या लक्षात आलं. नाटकातला बाप गोदामात साखरेची पोती उचलत होता.

भाऊजींनी उमेदीची वर्षं कॉफीची पोती उचलण्यात घालवली. कंपनी दुसरीच, इंग्लंडमधली. कच्च्या कॉफीच्या धुळीने त्यांना कायमचा दमा लागला. त्यांच्या घरात आजही कॉफी येत नाही, पाहुण्यासाठीसुद्धा नाही. नाटकातला बाप बिनसाखरेचा चहा पीत होता.

परतताना फेरीबोटीच्या डेकवर पाऊस लागत होता, म्हणून आम्ही आत बसलो.

"साखर कुणी घालायला सांगितली?"

"कुणीच नाही. खरंच, मावशी. एक ई-मेल पण नाही."

"मग?"

"ते सगळे समोर बसणार होते ना. त्यांच्या पैशाने जेवते मी. मला रूड वाटलं."

मी कंपनीच्या हाताकडे बघत होते. डबा इथे हिनेच वळवून ठेवला होता, नाव भिंतीकडे.

"कॉफी लिहिली आणि पुढचे पैसे नाही आले, तर?" तिने विचारलं.

"तर फार्मसी. रजिस्ट्रेशन चालू ठेव, फी भरायची तारीख चुकवू नकोस." थोड्या वेळाने मी विचारलं, "प्रयोगाला बाबांना बोलावणार आहेस?"

"ऑफ कोर्स."

"मग ते पोती बघतील."

तिने बॅगेतून संहिता काढून मांडीवर घेतली.

लंडनच्या प्रयोगात पोती कॉफीची होती. पुढचे पैसे वेळेवर आले होते, ही गोष्ट मला अजूनच संशयास्पद वाटली. भाऊजी ताईच्या आणि माझ्या मधे बसले होते. नट खोकायला लागला तसा त्यांचा हात आपोआप खिशातल्या पंपाकडे गेला. मग ते ताईकडे वाकून म्हणाले, "हा मी आहे का गं?"

"तुम्हीच. गप्प बसा."

कंपनीचे साहेब पुढच्या रांगेत होते. टाळ्या वाजवल्या, भाचीशी हात मिळवला, नाटक प्रामाणिक आहे म्हणाले आणि कोट घेऊन निघाले.

पुढच्या वर्षी कंपनीने त्या पाठ्यवृत्तीला पैसे दिले नाहीत. दुसरं कुणी मिळालं नाही म्हणून थिएटरने पाठ्यवृत्ती त्या वर्षापुरती बंदच ठेवली. कुणा नव्या लिहिणाऱ्याचं वर्ष त्यात गेलं.

"बजेट कमी झालं त्यांचं," भाची फोनवर म्हणाली. "थिएटरवाले तसंच म्हणाले. माझ्यामुळे नाही ना, मावशी?"

"बजेटच असेल," मी म्हणाले.

आमच्याकडे त्या महिन्यापासून दुसऱ्या कंपनीची कॉफी येते. ह्यांना चवीतला फरक अजून कळलेला नाही.