राजेशम मास्तरांचे 'द्राट'चे पान

आदरणीय राजेशम मास्तरांची आणि माझी पहिली भेट केराच्या ढिगापाशी झाली. हे वाक्य गौरवग्रंथाला शोभणार नाही, असे समितीतील एका सुशिक्षित गृहस्थांनी मला सुचवले होते. परंतु जे जसे घडले ते तसेच लिहावे, ही शिस्त मला खुद्द मास्तरांनीच लावलेली असल्यामुळे मी ते बदललेले नाही.

त्या वेळी मी आमच्या विणकर सोसायटीत जॉबर होतो. मागांची देखभाल आणि दुरुस्ती माझ्याकडे असे. मास्तर शाळेतून निवृत्त होऊन सोसायटीच्या विणकामवर्गावर नुकतेच रुजू झाले होते. त्याच सुमारास ताणा, म्हणजे मागावरचे उभे सूत, भरण्याचे एक वापरलेले यंत्र हॉलंड देशातून मुंबईच्या व्यापाऱ्यामार्फत आले. खोकी फोडली, तेव्हा यंत्राच्या भागांभोवती चुरगाळलेल्या वर्तमानपत्रांचे बोळे निघाले. मी ते झाडून एका कोपऱ्यात लोटले आणि काडेपेटी मागवली.

"अहो जॉबर, थांबा जरा," मागून आवाज आला. "ते पेटवू नका."

"मास्तर, कचरा आहे तो."

"छापलेला कागद आहे. आधी वाचू, मग कचरा आहे की नाही ते ठरवू."

आमचे फिटर यल्लप्पा मोठ्याने हसले. "मास्तर, हितं कुनाला वाचता येतंय ते? आपली भाषा हाय व्हय ती?"

"आज येत नाही," मास्तर शांतपणे म्हणाले आणि खाली बसून एकेक बोळा उलगडू लागले. त्या दिवशी त्यांनी ते सर्व कागद पोत्यात भरून घरी नेले आणि इस्त्री फिरवून त्यांच्या सुरकुत्या काढल्या. यंत्रासोबत आलेले माहितीपुस्तकही डच भाषेतच होते. ते कोणालाच वाचता येत नसल्यामुळे यंत्र तसेच पडून राहिले होते.

मास्तरांच्या घरात तेलुगू बोलली जाते. शाळेत त्यांनी मराठी शिकवली. बाजारात त्यांची दखनी उर्दू चालत असे आणि अक्कलकोटकडचे गिऱ्हाईक आले की कन्नडही. साठीच्या उंबरठ्यावर त्यांनी डच ही आणखी एक भाषा हाती घेतली. मुंबईच्या त्या व्यापाऱ्याला पत्र लिहून त्यांनी खिशात मावणारा एक डच-इंग्रजी शब्दकोश मागवला आणि रोज सकाळी वर्ग सुरू होण्यापूर्वी एक तास ते त्या पुस्तकासमोर बसू लागले.

पुस्तकात जो शब्द सर्वांत जास्त वेळा येतो, तोच विणकराच्या सर्वांत जास्त कामाचा असणार, असा त्यांचा साधा हिशेब होता. तो शब्द निघाला 'द्राट'. एका चित्रात बाणाचे टोक सुतावर होते आणि बाजूला हाच शब्द छापलेला होता. द्राट म्हणजे सूत, हे मास्तरांनी आम्हाला फळ्यावर लिहून दाखवले. पुढे एका पानावर तोच शब्द स्क्रूच्या आट्यांपाशी सापडला, आणखी पुढे विजेच्या तारेपाशी. त्यामुळे आमचा गोंधळ मात्र कधी झाला नाही, कारण प्रत्येक ठिकाणी चित्र होते आणि मास्तर चित्राशिवाय पुढे जातच नसत. पुस्तकाचे पान आणि यंत्राचा भाग शेजारी ठेवून त्यांनी ते यंत्र आमच्याकडून जुळवून घेतले. ज्या दिवशी ते फिरू लागले, त्या दिवशी यल्लप्पांनी स्वतःच्या हाताने मास्तरांना चहा आणून दिला. "मास्तर, लई खोड मोडली की तुमी माझी," असे ते म्हणाल्याचे मी माझ्या कानांनी ऐकले आहे.

दुसरा कोणी असता तर तिथे थांबला असता. मास्तर थांबले नाहीत. यंत्राचे काम झाले होते, शब्दाचे व्हायचे होते. विणकरांच्या मुलांसाठी डच शब्दांची एक वही तयार करण्याचा त्यांनी निश्चय केला. पुढे त्या देशाशी व्यवहार वाढला, तर आपल्या माणसाने दुसऱ्याच्या तोंडाकडे पाहत उभे राहू नये, एवढाच त्यामागे हेतू होता.

या वहीसाठी त्यांनी एक नियम घालून घेतला. शब्दकोशात अर्थ दिला आहे, म्हणून तो वहीत शाईने चढवायचा नाही. तो अर्थ प्रत्यक्ष वापरात दोन वेगवेगळ्या ठिकाणी दिसला पाहिजे. एकदाच दिसला, तर पेन्सिलीने बारीक खूण करून ठेवायची आणि दुसऱ्या साक्षीदाराची वाट पाहायची. "एका साक्षीवर पंचसुद्धा निकाल देत नाहीत, गणपतराव," असे ते मला म्हणत.

साक्षीदार म्हणजे तीच इस्त्री केलेली वर्तमानपत्रे. त्यांतूनच आम्हाला कळले, की नखशिखान्त भिजलेल्या माणसाच्या अंगावर 'एकही कोरडा द्राट' नसतो. जो माणूस सर्वांच्या उलट चालतो, तो 'द्राटाच्या विरुद्ध' जातो. हा अर्थ मास्तरांनी वाचून दाखवताच यल्लप्पा म्हणाले, "म्हंजे आपले मास्तरच की!" मास्तरांनी चष्म्यावरून त्यांच्याकडे पाहिले आणि ते म्हणाले, "ही साक्ष धरता येणार नाही. तुम्ही डच नाही."

एका वाक्यावर मात्र ते अडले. 'द्राटाच्या पुढे येणे' असे काहीतरी त्यात होते आणि शब्दकोशात त्याचा पत्ता नव्हता. श्रीपूरच्या बाजूला एका साखर कारखान्यावर एक डच यंत्रज्ञ हंगामापुरता आला आहे, असे कळले. मास्तरांनी दुसऱ्याच दिवशी एस.टी. धरली आणि मला सोबत घेतले. उसाच्या गाड्यांनी रस्ता अडवला होता, म्हणून शेवटचा टप्पा आम्ही पायी गेलो. पीटरसाहेब नावाचे ते उंच गृहस्थ हातांवरची काजळी पुसत बाहेर आले. कामाची घाई होती आणि मास्तर आपल्या मोजक्या इंग्रजीत प्रथम क्षमा मागत होते, मग ओळख सांगत होते, मग पुन्हा क्षमा मागत होते. साहेबांचा धीर सुटला. त्यांनी हात हलवून आपल्या भाषेत काहीतरी मोठ्याने म्हटले.

 मास्तरांनी एकदम खिशातून वही काढली आणि उभ्या उभ्याच लिहू लागले. साहेब गोंधळून माझ्याकडे पाहू लागले. मला इंग्रजी येत नसल्यामुळे मी नुसता नमस्कार केला.

आम्ही जे विचारायला इतक्या लांब गेलो होतो, तेच शब्द साहेबांच्या तोंडून निघाले होते. आडवळण न घेता मनातले सांगून टाका, असा त्यांचा अर्थ त्या प्रसंगावरूनच उघड होता. मास्तरांनी हे सांगितल्यावर साहेब पोट धरून हसले, आम्हाला उसाचा रस दिला आणि फाटकापर्यंत सोडायला आले. परतीच्या गाडीत मास्तर म्हणाले, "दुसरी साक्ष स्वतःहून चालत आली, पाहिलेत ना?"

मास्तरांच्या सौजन्याबद्दल एकच प्रसंग सांगतो. माझे शिक्षण मराठी चौथीपर्यंत झाले आहे. ती परीक्षा मी पहिल्या प्रयत्नात उत्तीर्ण झालो असून माझे अक्षर आजही एकसारखे येते. सात रस्ता चौकातील एका कार्यालयात आम्ही सोसायटीच्या कामासाठी गेलो असता तेथील अधिकाऱ्यांनी मास्तरांना बसायला खुर्ची दिली आणि मला बाहेर थांबायला सांगितले. मास्तर उभेच राहिले. "हे माझे लेखनिक आहेत. यांच्या अक्षराशिवाय माझे काम कोणाला वाचता येणार नाही," असे म्हणून दुसरी खुर्ची येईपर्यंत ते बसले नाहीत. त्या दिवसापर्यंत मी त्यांच्यासाठी एक ओळही लिहिलेली नव्हती. आपल्याला मिळालेला मान आधी कमावलेला नव्हता, याची जाणीव मला आहे. म्हणून पुढील हकीकत सांगणे मी माझे कर्तव्य समजतो.

तीन वर्षांपूर्वी मास्तरांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू उतरला. वही पुरी झाली नव्हती आणि आपलेच लिहिलेले त्यांना दिसेना. डॉक्टरांनी मोतीबिंदू पिकेपर्यंत थांबायला सांगितले. नजर परत येईल की नाही, याची हमी कोणी देईना. तेव्हा मास्तरांनी वही माझ्या हाती दिली. "मोठ्या अक्षरात उतरवून द्या, गणपतराव. दिसते आहे तोवर एकदा तपासून घेतो."

मी दोन महिने बसून लिहिले. मूळ वहीत प्रत्येक शब्दाखाली चार ओळी कोऱ्या सोडलेल्या होत्या. त्यांत कुठे कुठे पेन्सिलीच्या पुसट खुणा होत्या. कागदाची टंचाई होती आणि मला टापटीप आवडते. मी त्या सर्व कोऱ्या ओळी बंद करून शब्दाला शब्द भिडवला. चौदा पाने वाचली. आपण मोठेच काम केले, असे मला वाटले होते, हे मी मान्य करतो.

मास्तरांनी पान डोळ्यांजवळ धरले. मग बोटाने ओळी चाचपून पाहिल्या.

"इथे मोकळी जागा होती ना?"

"ती मी भरून काढली, मास्तर. चौदा पाने वाचली."

 माझा हात धरून मास्तरांनी मला मागांच्या खोलीत नेले. तिथे एका मागावरचा ताणा संपला होता आणि आमच्या नरसम्मा मागाशी बसून जुन्या सुताची टोके मोकळी करत होत्या. नव्या ताण्याचे एकेक सूत जुन्या टोकाला गाठ मारून जोडायचे असते. म्हणून कापड उतरवताना हातभर सूत मागावर तसेच ठेवतात. जॉबर या नात्याने हे मी तीस वर्षे पाहत आलो होतो.

"नरसम्मा," मास्तर म्हणाले, "हे हातभर सूत वायाच जाते की. कापून टाका ते. टापटीप दिसेल."

नरसम्मा हात थांबवून म्हणाल्या, "काय चेष्टा करताय, मास्तर! हे कापलं, तर नवा ताणा जोडू कुठं? मागाच्या फणीत पुन्हा एकेक सूत ओवत बसायचं का? ज्याला माग ठाऊक न्हाय, त्यो कापील!"

मास्तर माझ्याकडे वळले नाहीत.  मला जे समजायचे ते समजले. त्या चार ओळी म्हणजे जोडणीसाठी ठेवलेली टोके होती, आणि पेन्सिलीच्या ज्या खुणा मी सोडून दिल्या होत्या, ते एकेकटे साक्षीदार होते. अकरा वर्षांच्या कामाची टोके मी माझ्या सुंदर अक्षराने कापून टाकली होती.

मी मूळ वही जपून ठेवली होती, हे नशीब. त्या दिवसापासून मी संपूर्ण वही पुन्हा उतरवायला घेतली. मनगट दुखे, म्हणून त्याखाली उशी घेत असे. प्रत्येक शब्दाखाली चार ओळी मोजून सोडल्या. पेन्सिलीची खूण पेन्सिलीनेच केली. मास्तरांच्या पहिल्या डोळ्याची शस्त्रक्रिया झाली, त्याच आठवड्यात माझे शेवटचे पान पुरे झाले.

पट्टी सुटल्यानंतर जाड भिंगांचा चष्मा लावून मास्तरांनी पहिले पान उघडले, ते 'द्राट'चे. बोटाने नव्हे, डोळ्यांनी त्यांनी चार कोऱ्या ओळी मोजल्या. मग म्हणाले, "गणपतराव, डच लोक थांबलेले काम पुन्हा हाती घेतात, तेव्हा काय म्हणतात, आठवते का? द्राट उचलतात. दोन साक्षी आहेत त्याला. चला, उचलू या."

आज मास्तर पंचाहत्तर वर्षांचे होत आहेत. समितीने या ग्रंथात त्यांच्या वहीतील 'द्राट'चे पान छापण्याचे ठरवले, याबद्दल मी समितीचा आभारी आहे. छापखान्याचे मालक मात्र मला म्हणाले, "अहो, कागद मिळायची मारामार आणि तुम्ही कोऱ्या ओळी छापायला सांगता? लोक म्हणतील, छपाईचे खिळे गळून पडले!" मी त्यांना नम्रपणे परंतु ठामपणे सांगितले, की माझा हा लेख चार ओळींनी कमी करा. त्यांनी तसे केले आहे. तेव्हा त्या पानावरील कोरी जागा ही छपाईतील चूक आहे, असे कोणी समजू नये.

त्या जागेत एक पेन्सिलीची खूण आहे. एखाद्या गोष्टीतून आरंभापासून शेवटपर्यंत जो विचार ओवलेला असतो, त्याला डच लोक 'लाल द्राट' म्हणतात, असे एका वर्तमानपत्रात एकदाच आढळले आहे. दुसरी साक्ष अद्याप मिळालेली नाही. वाचकांपैकी कोणाचे आप्त त्या देशी असतील, तर त्यांनी जुनी वर्तमानपत्रे मास्तरांच्या नावे सोसायटीत पाठवावीत. चुरगाळलेली असली, तरी चालतील. इस्त्री आमच्याकडे आहे.

मास्तरांच्या दुसऱ्या डोळ्याची शस्त्रक्रिया पुढील महिन्यात आहे. ती निर्विघ्न पार पडो. त्यांना उदंड आयुष्य आणि निरोगी शरीर लाभो, ही प्रार्थना मी सर्वांसमवेत करतो. परंतु मास्तरांना नुसत्या प्रार्थनेवर विसंबलेले आवडत नाही, म्हणून मी माझ्याकडून तजवीज करून ठेवली आहे. वहीच्या शेवटी मी चाळीस कोरी पाने शिवली आहेत, आणि प्रत्येक पानावर ओळी आखून तयार आहेत.