ब्रेकच्या दिवशीची गाडी

जागेश्वर बांतेने महामंडळाची लाल गाडी अकरा वर्षं चालवली. पण कागद पाहिले तर तो कधीच सलग नव्वद दिवस नोकरीत नव्हता. एकोणनव्वद दिवस भरले की एक दिवस कोरा. त्याला डेपोत ‘ब्रेक’ म्हणत. दुसऱ्या दिवशी हंगामी चालक म्हणून नवा आदेश निघे आणि जागेश्वर पुन्हा नवशिका होई.

अडचण एवढीच, की दिघोरीची सकाळची फेरी कोरी ठेवता येत नसे. दुसरा चालक शोधण्यात अर्धा तास जाई, तो मिळत नसे, आणि शेवटी जागेश्वरलाच घरून बोलावत. लॉगशीटवर नाव मात्र कुणा कायम चालकाचं पडे.

कायम करावं म्हणून त्याने भंडाऱ्याच्या कोर्टात दावा लावला. कार्यालयाचं उत्तर एका ओळीचं होतं: अर्जदाराची सेवा सलग नाही. जागेश्वर पंचेचाळीसचा झाला होता. दावा गेला, तर हंगामी म्हणूनच घरी बसायचं होतं.

वकील चंद्रकांता गणवीर यांच्यापुढे त्याने पिशवी रिकामी केली. विनाअपघात सेवेचं प्रशस्तिपत्र, स्वच्छ गाडीचं बक्षीस, दसऱ्याला गाडीची पूजा करतानाचा फोटो.

“गुणी माणूस आहात, जागेश्वरभाऊ,” बाई म्हणाल्या. “पण ब्रेकच्या दिवशी गाडी तुम्हीच नेली, असं सांगणारा एखादा कागद?”

“नाही मॅडम.”

कागद होते. घरी, गादीखाली.

“त्या नोटिसा काहून नाही देल्या?” त्याच्या बायकोने, सरिताने, रात्रीची भाकर वाढताना विचारलं.

“बयाड झाली का? त्याच्यात माही बदनामी आहे. जजसाहेब वाचतीन त मले कायम करतीन का?”

“बदनामी राहू दे. तारखा त पाय.”

त्याने पाहिल्या. दिघोरीच्या बेबीबाईने तक्रारपुस्तकात तीनदा लिहिलं होतं, बिल्ला नंबरासकट: चालकाने थांब्यावर गाडी थांबवली नाही. तिन्ही दिवस ब्रेकचे. त्यात नवल नव्हतं. त्याच दिवशी गाडी उशिरा सुटे आणि जागेश्वर एखादा थांबा गाळून वेळ भरून काढी. एका टेबलाने त्याला त्या दिवशी नोकरीतून काढलं होतं. दुसऱ्या टेबलाने त्याच दिवसाच्या कामाबद्दल कारणे दाखवा म्हटलं होतं. दोन टेबलांत आठ फुटांचं अंतर होतं.

घोळ मात्र पुढेच होता. तिन्ही नोटिसांना जागेश्वरने मोठ्या हुशारीने खुलासा दिला होता: ‘मी त्या दिवशी ब्रेकवर होतो.’ कार्यालयाने तो मान्यही केला होता.

तरीही नोटिसा कोर्टात गेल्या. बेबीबाई साक्षीला आली ती तोऱ्यातच.

“अर्जदार ओळखीचे, म्हणून आलात ना?” कार्यालयाच्या वकिलांनी विचारलं.

“ओळखीचा! तीन खेपा मले रस्त्यावर सोडून गेला हा. हात करू करू खांदा दुखला माहा. याले मी हजारात ओळखीन!”

वकिलांनी बेबीबाईला सोडलं आणि जागेश्वरला धरलं. “हा तुमच्या सहीचा खुलासा. कामावर नव्हतो म्हणता. खरा की खोटा?”

जागेश्वरने कठडा धरला. “खोटा, साहेब. गाडीवर मीच होतो. बाई उभी होती, मले दिसली, अन् मी थांबलो नाही.”

“म्हणजे बेशिस्त कबूल?”

“कबूल. बेशिस्त करासाठी बी माणूस ड्युटीवर पायजे ना, साहेब.”

न्यायाधीशांनी टंकलेखकाला हे वाक्य जसंच्या तसं घ्यायला सांगितलं.

निकाल तीन महिन्यांनी आला. सेवा सलग धरून अर्जदाराला कायम करावं. थांबा चुकवल्याबद्दल आणि खोट्या खुलाशाबद्दल कार्यालयास वाटल्यास रीतसर कारवाई करावी. कार्यालयाने दोन्हींतलं सोपं काम आधी केलं. आठवड्याभरात नोटीस आली.

जागेश्वरने ती डेपोत उभ्याउभ्याच वाचली. नावापुढे इतकी वर्षं चिकटलेला ‘हंगामी’ हा शब्द गायब होता. तिथे नुसतं ‘चालक’ होतं. त्याने खिशातून पेन काढला आणि ‘आरोप मान्य’ लिहून खाली सही केली, जरा मोठीच.