नदीपलीकडची टोपली

पाद्रीबाबांना माइकची गरज कधी पडली नाही. गोव्यात पेडण्यातल्या पार्श्याजवळच्या आमच्या वाड्यावरचं कोपेल, म्हणजे छोटं चर्च, शेताच्या कडेलाच आहे. रविवारी ते प्रवचनाला उभे राहिले की आतल्या बाकांवर जेवढं ऐकू जाई तेवढंच बाहेर लावणी करणाऱ्या आमच्या माणसांनाही जाई. एकदा त्यांनी आतून गर्जना केली, "दुसऱ्याच्या शेतांत रेडो सोडपी मनशाक देव वयल्यान पळयता!" लगेच चिखलातून शांबाने ओरडून उत्तर दिलं, "फादर, तो माझो न्हय, भावाचो रेडो!" पाद्रीबाबांनी खिडकीतून डोकं बाहेर काढलं, "मागीर भावाक सांग!" म्हणाले आणि पुन्हा वेदीकडे वळले.

माणूस बार्देशातला, म्हणजे नदीपलीकडचा. अंगाने भरदार, पांढरा झगा गुडघ्यापर्यंत खोचून स्कूटर हाकणारा. वाड्यावर ख्रिस्ती घरं मोजकीच, त्यामुळे लग्नं, बाप्तिस्मे, मयतं आटोपून पाद्रीबाब बहुतेक वेळ रिकामे असत. रिकामा पाद्री हे प्रकरण आम्हाला नवीन होतं. ते म्हणत, "कोपेल ल्हान, गांव व्हड. मागीर उरिल्ल्या गांवान कोणा मुखार रडचें?" आणि उरलेल्या गावाला न विचारता त्यांनी त्याचा ताबा घेतला. कुणाची म्हातारी आजारी, कुणाचा मुलगा परीक्षेत आपटला, कुणाची सून माहेराहून यायला तयार नाही, सगळीकडे स्कूटर हजर. भांडण मिटवायला त्यांना दोन्ही घरी जावंही लागत नसे. फणसाच्या झाडावरून अबोला धरलेल्या दोन भावांपैकी थोरल्याच्या ओसरीवर बसून ते त्याची समजूत घालत, आणि धाकटा आपल्या घरात बसून आपोआप समजूतदार होई.

एकच माणूस बधत नव्हता. आमचे थोरले काका. सारा वाडा त्यांना आबा म्हणे, आणि देवळाचा कारभार त्यांच्याकडे होता. पोर्तुगीज राजवटीत पलीकडे देवळं पाडली जाऊ लागली तेव्हा आमच्या पूर्वजांनी देवीला बांबूच्या टोपलीत घातलं, वर पेंढा पसरला आणि पाद्र्यांच्या धाकाने होडीतून नदी ओलांडून पेडण्यात आणलं, असं आमच्याकडे पिढ्यान् पिढ्या सांगतात. आबा ते काल घडल्यासारखं सांगत. स्कूटरचा आवाज आला की ओसरीवरून हाक मारत, "टोपली काढा रे, पाद्री इलो!" ही हाक पाद्रीबाबांच्या कानावर जाईल अशी बेताने मारलेली असे. पाद्रीबाब स्कूटर थांबवून विचारत, "आबा, देवी भियेता काय तुमी?" आबा पाठ फिरवून सुपारी कातरत बसत.

आबांना वळवलं ते एका डब्याने. गणपतीत, चवथीला काकीने परंपरेकडे काणाडोळा करून पाद्रीबाबांना नेवऱ्यांचा, म्हणजे करंज्यांचा डबा पाठवला. आबा म्हणाले, "गेलो डबो." पण नाताळात डबा परत आला, घासून लख्ख केलेला आणि आत काठोकाठ दोदोल, नारळाच्या रसातली गुळाची मिठाई. दुसऱ्याचं भांडं रिकामं परत करायचं नाही ही आमच्याकडची रीत. सख्खे व्याही ती विसरतात, पण पाद्रीबाब विसरले नव्हते. आबांनी दोदोलाचा तुकडा तोंडात टाकला, बराच वेळ चघळला आणि निकाल दिला, "डबो भरून परत करता म्हणजे माणूस आमच्यातलोच. चुकान थय जन्माक इलो." त्यानंतर रोज संध्याकाळी दोघे ओसरीवर भांडत बसू लागले. आबांना अलीकडे कमी ऐकू यायचं. या एकाच माणसाशी त्यांना "आं?" म्हणावं लागत नसे.

आणि मग बदलीचा हुकूम आला. पाद्र्यांच्या बदल्या होतातच, पण आबांनी हे मनाला लावून घेतलं. दोन दिवस धड जेवले नाहीत. शेवटी म्हणाले, "देवीक विचारूया." आमच्याकडे लग्नापासून विहिरीपर्यंत अडेल तिथे कौल लावतात. पुजाऱ्याने ओल्या पाकळ्या मूर्तीच्या अंगावर चिकटवल्या. उजवी पडली तर होय, डावी पडली तर नाही. सारा वाडा मंडपात गोळा झाला. आबांनी हात जोडून गाऱ्हाणं घातलं, "आई, ज्यांका भिवून तू टोपलीत बसून हय इलंस, त्यांच्यातलोच एक आज जावक लागलो हा. तुझो राग आसलो तरी पोटात घाल, आणि ह्याका ठेवून घे." देवीने क्षणभर विचार केला असावा. मग उजवी पाकळी टपकन पडली. बायकांनी डोळ्यांना पदर लावले.

ती पाकळी केळीच्या पानात घेऊन आम्ही वाजतगाजत कोपेलात गेलो. पाद्रीबाबांनी पाकळी कपाळाला लावली आणि म्हणाले, "देवीचो हुकूम म्हाका मान्य. पूण आबा, बिशपाच्या आंगार पाकळी कोण चिकटायतलो?"

आबा हार मानणारे नव्हते. ती पाकळी घेऊन थेट पणजीला, बिशपाच्या कचेरीत गेले. तिथल्या तरुण पाद्र्याने "काय तक्रार आहे?" असं विचारलं. आबा म्हणाले, "तक्रार नाय, कौल आसा." त्या बिचाऱ्याच्या शिक्षणात हा विषय नव्हता. त्याने पाकळी दोन्ही हातांनी घेतली, प्रार्थनेच्या पुस्तकात जपून ठेवली आणि आबांना चहा पाजून परत पाठवलं. बदली काही टळली नाही.

निघायच्या दिवशी आबा एक बांबूची टोपली घेऊन कोपेलासमोर उभे राहिले. आत नारळ, कोकमाची सोलं, काकीच्या हातचे पापड. म्हणाले, "आमची देवी नदी ओलांडताना टोपलीतसून इली. तू कित्या मोकळो जातंस? पण टोपली आमची. परत आणून दी." पाद्रीबाबांनी ती स्कूटरवर पुढे ठेवली आणि पुलाच्या दिशेने निघून गेले. रडवेल्या चेहऱ्याने घरी परतताना मी आबांकडे पाहिलं, तर ते गालातल्या गालात हसत होते. म्हणाले, "परक्याचा भांडा ठेवून घेणारो माणूस न्हय तो. आणि रिकामा तर आणूचोच नाय."

तसंच झालं. चवथीला पाद्रीबाब टोपली घेऊन आले, भरून. आबांनी ती रिकामी केली, पुन्हा भरली आणि "परत आणून दी" म्हणून हातात दिली. नाताळ झाला की पुन्हा तेच. पाद्रीबाब कुरकुरत, "ही टोपली म्हाका मरूंक दिना!" नव्या ठिकाणी त्यांना मोठं चर्च आणि माइक मिळाला होता. तेवढं मात्र त्यांना आवडलं नव्हतं. "भायर शेत ना, आबा. उलयलें तर कोण जबाब दिना," ते सांगत.

यंदा पावसाळ्यानंतर आबा गेले. बारावा उरकल्यावर पाद्रीबाब आले. टोपली भरलेली होती. ती ओसरीवर, आबांच्या रिकाम्या पाटाजवळ ठेवून हळूच म्हणाले, "वयनी, आतां ही हांगाच उरूं दी. परत मागपी गेलो."

काकी टोपली आत घेऊन गेली. आतून नारळ ठेवल्याचा आवाज आला. बाहेर येऊन तिने भरलेली टोपली त्यांच्यासमोर ठेवली. म्हणाली, "जाताना सांगून गेलेत. परत आणून दी म्हणान."

पाद्रीबाबांनी बोलायला तोंड उघडलं. शेतापलीकडे जाणारा तो आवाज, आणि मी हातभर अंतरावर उभा होतो. मला काहीही ऐकू आलं नाही.